दहा मीटर चाला, चोवीस अंश वळा

परवा निपाणीला भावाकडे गेलो होतो. पुतणी नववीत आहे. मला बघितल्यावर ती चहा यायच्या आधीच वही घेऊन आली. काका इंजिनिअर, म्हणजे गणिताचा हक्काचा माणूस, असा घरात समज आहे. उदाहरण असं होतं: एक माणूस ‘अ’ या ठिकाणाहून सरळ १० मीटर चालतो, मग डावीकडे २४ अंश वळतो, पुन्हा १० मीटर चालतो, पुन्हा २४ अंश वळतो. असंच करत राहिला तर ‘अ’ला पहिल्यांदा परत पोचेपर्यंत तो एकूण किती मीटर चालेल?

तिनं प्रयत्न केला होता. २४ अंश हा आकृतीचा आतला कोन धरून सूत्रात घातला होता आणि बाजूंची संख्या २.३ आली होती. सव्वादोन बाजूंची आकृती काही तिला काढता येईना.

मी म्हटलं, “सूत्र राहू दे. ऊठ, सोप्यात उभी राहा आणि चाल.”

ती चार पावलं चालली, थोडी वळली, पुन्हा चार पावलं चालली. सोपा संपला, पण मुद्दा तिच्या ध्यानात आला. चालणारा माणूस वळतो तो बाहेरचा कोन. आतला कोन १५६ अंशांचा, आणि त्याच्याशी चालणाऱ्याला काही घेणंदेणं नाही. निघताना तिचं तोंड दाराकडे होतं. पूर्ण फेरी मारून ती परत पहिल्यासारखी उभी राहील तेव्हा तोंड पुन्हा दाराकडेच असणार. म्हणजे सगळ्या वळणांची बेरीज एक पूर्ण गिरकी, ३६० अंश. ३६० भागिले २४ म्हणजे १५ वळणं. पंधरा वेळा दहा मीटर, दीडशे मीटर. संपलं.

पण ती आमच्या घरातली, तेवढ्यावर कशी थांबेल? “काका, पन्नास अंश वळला तर?” ३६० ला ५० नं भाग जात नाही. मग एका गिरकीत तो ‘अ’ला येतच नाही, आपल्याच वाटेला छेदून पुढे जातो. वळणांची बेरीज ३६० च्या पटीत कधी येते ते बघायचं. ३६ वळणं झाली की १८०० अंश होतात, म्हणजे बरोबर पाच गिरक्या. तो ३६० मीटर चालून परत येईल आणि जमिनीवर छत्तीस टोकांची चांदणी उमटलेली असेल. उदाहरणातला ‘पहिल्यांदा’ हा शब्द किती कामाचा आहे, ते तिला तेव्हा कळलं. पहिल्यांदा परत आल्यावर तो चालतच राहिला तर त्याच वाटेनं पुन्हा पुन्हा येत राहील.

मग तिनं विचारलं, “पण काका, असं खरंच कोण चालत बसतंय?”

मंडळाच्या बैठकीत यावर दहा मिनिटं बोलावं असं ठरवून लिहायला बसलो, आणि लेख झाला. कारण आपल्या बेळगाव-चिकोडी-निपाणीच्या टापूत अशी माणसं चालत आली आहेत. काही पोटासाठी, काही शपथेवर. त्यांच्या चालण्यातून ज्या रेघा उमटल्या त्यांच्यावर आपण आज राहतो.

यातली सगळ्यात जुनी चाल गावच्या शिवेची. ब्रिटिश अमलाच्या आधी दोन गावांत शिवेचा तंटा लागला की गोतसभा बसायची. देशमुख, देशपांडे, दोन्ही गावचे पाटील-कुलकर्णी, बलुतेदार, शेजारच्या गावांची जाणती माणसं जमायची. कागद, साक्षी, जुन्या खुणा बघून निवाडा व्हायचा आणि त्याचा महजर लिहिला जायचा. महजरात शीव सांगितलेली असते ती खुणांनी: अमुक ओढा, तिथून वड, तिथून उभा धोंडा, तिथून टेकाडाची धार. अंश नाहीत, मीटर नाहीत, पण बघा, हे पुतणीचं उदाहरणच आहे. एका खुणेपर्यंत सरळ जायचं, तिथं वळायचं, पुढच्या खुणेपर्यंत जायचं.

साक्षीपुराव्यानं भागलं नाही तर दिव्य. शिवेच्या दिव्यात माणसाला शीव चालायला लावायचे. चालणारा बहुतेक वेळा गावचा महार असे, कधी पाटील. शीव दाखवणं, तिची राखण करणं हे महारकीचं कामच होतं. शिवेच्या बाबतीत त्याचा शब्द गावात शेवटचा मानला जायचा, आणि एरवी त्याच माणसाला गावात कुठं उभं करायचे हे आपल्याला माहीत आहे. तो आंघोळ करून, देवाची शपथ घेऊन, डोक्यावर मातीचं ढेकूळ घेऊन निघायचा. काही ठिकाणी अंगावर गाईचं कातडं. तो ज्या वाटेनं जाईल ती शीव. नंतर ठरावीक दिवस वाट बघायची. त्या मुदतीत त्याच्या घरात मरण, आग, गुरांचं नुकसान असं काही झालं तर तो खोटं चालला असं ठरायचं.

कॉलेजात असताना हे वाचलं असतं तर हसलो असतो. आता हसू येत नाही, आणि त्याचं कारण इंजिनिअरिंगचंच आहे. मोजणीच्या भाषेत फेरी दोन प्रकारची. जिथून निघालो तिथं परत येणारी बंद फेरी, आणि एका टोकाला निघून दुसरीकडेच संपणारी उघडी फेरी. बंद फेरीला स्वतःची तपासणी स्वतःतच मिळते, परत आलो की नाही ते दिसतं. उघड्या फेरीची चूक पकडायला तिच्या आत काहीच नसतं. तंटा सहसा शिवेच्या एखाद्या तुकड्याचा असायचा, सगळ्या गावाच्या वेढ्याचा नव्हे. दिव्यातला माणूस चालायचा ती उघडी फेरी. आकड्यानं तिची तपासणी होणं शक्यच नव्हतं, मग तपासणी ठेवली ती त्या माणसाच्या बायकापोरांवर. ही पद्धत न्याय्य होती असं मी म्हणत नाही. चुकीचा सगळा बोजा त्या चालणाऱ्यावर होता आणि लाभ गावाचा. पण तपासणी लागते हे त्या लोकांना पक्कं ठाऊक होतं.

इथं गणिताचं एक अवांतर करतो, आवडत नसेल त्यांनी पुढच्या परिच्छेदावर जावं. सारख्या बाजू, सारखी वळणं ही वर्तुळात बसणारी सुसम आकृती. भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त वर्तुळाचा व्यास १,२०,००० धरून त्रिकोणापासून नवकोनापर्यंतच्या बाजूंचे आकडे दिले आहेत. त्रिकोणाची बाजू १,०३,९२३, चौकोनाची ८४,८५३, पंचकोनाची ७०,५३४, षट्कोनाची ६०,०००, अष्टकोनाची ४५,९२२. हे सगळे चोख. सप्तकोनाला मात्र ५२,०५५ आणि नवकोनाला ४१,०३१ दिले आहेत, खरे आकडे ५२,०६६ आणि ४१,०४२ च्या जवळ. मी हिशेब करून बघितला. १२० मीटर व्यासाच्या वर्तुळावर भास्कराचार्यांच्या सप्तकोनी बाजूनं सात टप्पे टाकले तर निघाल्या जागेला सुमारे साडेआठ सेंटिमीटर कमी पडतात. चार हजारात एक. माझ्या होकायंत्राची फेरी इतकी जुळली असती तर मी पेढे वाटले असते. आणि हो, भास्कराचार्यांचं विज्जडविड म्हणजे कर्नाटकातलं विजापूर की चाळीसगावजवळच्या पाटणचा परिसर, यावरही वाद आहेच. आपल्या भागातल्या वाचकांना त्याचं नवल वाटू नये.

आता साखळी. बेळगाव जिल्हा १८३६ साली धारवाडातून वेगळा काढला. १८३९ मध्ये निपाणीकर सिद्धोजीराव निंबाळकर वारले आणि निपाणी कंपनी सरकारकडे गेली. याच वर्षांत मुंबई इलाख्यात जमीन मोजणीची नवी घडी बसत होती. आधी पुणे भागात प्रिंगलसाहेबानं मोजणी केली होती, ती फसली. आकडे चुकीचे, खालच्या लोकांनी पैसे खाऊन मोजमापं फिरवलेली, आणि सारा इतका चढा की शेतकरी गावं सोडून गेले. मग १८३५ पासून इंदापुरात गोल्डस्मिड आणि बॉम्बे इंजिनिअर्सचा लेफ्टनंट विंगेट यांनी नव्यानं सुरुवात केली. विंगेट पुढे दक्षिण मराठा मुलखाच्या, म्हणजे आपल्या भागाच्या मोजणीचा प्रमुख झाला. १८४७ च्या संयुक्त अहवालात पद्धत पक्की झाली आणि तीस वर्षांच्या साऱ्याचा करार रूढ झाला. विंगेट इंजिनिअर होता, म्हणून माझा त्याच्याकडे थोडा ओढा आहे, हे मान्य करून टाकतो.

त्यांची साखळी ३३ फुटांची. सोळा आण्यांचा रुपया तशी सोळा आण्यांची साखळी, एक आणा म्हणजे दोन फूट पाऊण इंच. इंग्लंडातल्या ६६ फुटी गुंटर साखळीची ही बरोबर अर्धी. साखळी लांब, साखळी रुंद म्हणजे एक गुंठा, १,०८९ चौरस फूट. चाळीस गुंठ्यांचा एकर. आज प्लॉटच्या जाहिरातीत “गुंठा तेहतीस बाय तेहतीस” म्हणतात तो हाच हिशेब.

साखळीच्या जोडीला क्रॉस स्टाफ, आपल्याकडचा शंकू. काठीवर बसवलेला ठोकळा, त्याला एकमेकींना काटकोनात छेदणाऱ्या दोन फटी. यंत्र म्हणाल तर इतकंच. या यंत्राला जगातलं एकच वळण माहीत आहे, ९० अंशांचं. शेताच्या मधून एक सरळ रेघ धरायची, तिच्यावर साखळी टाकत जायचं, बांधाचा कोपरा समोर काटकोनात आला की थांबून तिथपर्यंतचं आडवं अंतर घ्यायचं. शेताचे त्रिकोण आणि समलंब चौकोन होतात, त्यांची क्षेत्रफळं मिळवायची. टिपणावर रेघ आणि आकडे उतरवायचे. गावागावांतली हजारो वेडीवाकडी शेतं, ओढ्यानं खाल्लेले बांध, डोंगरउताराचे तुकडे, हे सगळं एका काटकोनाच्या जिवावर कागदावर आलं. मी पहिल्यांदा जुनं टिपण हातात घेतलं तेव्हा त्यात कोन कुठंच लिहिलेले नाहीत हे बघून गोंधळलो होतो. कोन लिहायची गरजच नव्हती.

तपासणीची सोय काय? वरच्या अधिकाऱ्यानं काही शेतं पुन्हा मोजून ताळा बघायचा. प्रिंगलच्या फजितीतून शिकलेला हा धडा. आणि कोपऱ्याकोपऱ्यावर दगड. नकाशा हरवला तरी दगड बोलतो, दगड हलवला तर नकाशा बोलतो, अशी ती दुहेरी गाठ.

अंतर मोजणं हे कोन मोजण्यापेक्षा किती अवघड, हे आजच्या लेझरच्या पिढीला पटत नाही. लॅम्बटननं १८०२ साली मद्रासच्या सेंट थॉमस माउंटपाशी आपली पहिली पायारेषा मोजली. साडेसात मैल मोजायला त्याला ५७ दिवस लागले. त्यानंतर त्यानं शक्य तिथं अंतर मोजणं टाळलं, त्रिकोणांचे कोन मोजत तो देशभर गेला. कोनाचा ताळा लगेच मिळतो. त्रिकोणाची बेरीज १८० यायला पाहिजे, बहुभुजाला एक पूर्ण गिरकी यायला पाहिजे. अंतराला असा घरचा ताळा नाही.

ही गोष्ट मी पुस्तकात शिकलो आणि मग रानात, एका माणसाच्या मजुरीच्या खर्चानं, पुन्हा शिकलो.

नव्वदच्या दशकाची मधली वर्षं. मी नवा इंजिनिअर, एका ठेकेदाराकडे पाटचारीच्या सर्व्हेवर. एका तलावाखालच्या भिजणाऱ्या रानाला वेढा घालून बंद ट्रॅव्हर्स करायचा होता. चौदा ठाणी, वीस सेकंदांचा व्हर्नियर थिओडोलाइट, तीस मीटरची साखळी. साखळीवर दोन खलाशी. मागचा खलाशी साठीला आलेला, त्यांना सगळे मामा म्हणायचे. पुढचा माणूस साखळी संपली की लोखंडी ॲरो रोवतो, मागचा तो उपटून घेत येतो. मागच्याच्या हातात जितके ॲरो तितक्या पूर्ण साखळ्या. यापेक्षा साधा हिशेब जगात नसेल.

रात्री कंदिलाजवळ बेरीज केली. चौदा बाजूंच्या आकृतीच्या आतल्या कोनांची बेरीज २,१६० अंश यायला पाहिजे. आली २,१६० अंश आणि ४० सेकंद. चौदा ठाण्यांवर सव्वा मिनिटापर्यंत चालतं. मी खूश. मग अंतरं घालून उत्तर-दक्षिण आणि पूर्व-पश्चिम सरकणी काढल्या, आणि फेरी मिटेना. निघालेल्या ठाण्यापासून तीस मीटर लांब येऊन थांबत होती.

तीस मीटर म्हणजे एक साखळी. म्हणजे कुणीतरी एक ॲरो मोजायला चुकलं. कुणीतरी म्हणजे कोण, हे मी क्षणात ठरवलं. म्हातारा माणूस, उन्हातलं काम, शिक्षण नाही. सकाळी सगळ्यांसमोर मामांना विचारलं, विचारलं कसलं, सांगितलंच. मामा एवढंच म्हणाले, “सायेब, म्या ॲरो कमी केला न्हाई. तुम्हाला सांगतानाच बरोबर सांगितलंय.” ठेकेदाराच्या माणसानं दोन्ही खलाशांची त्या दिवसाची मजुरी कापली. मी काही बोललो नाही.

दुपारी सावलीला बसलो होतो तेव्हा मामा सहज म्हणाले की त्यांच्या आज्याला आसपासच्या गावांत शीव दाखवायला बोलवायचे. घरात महारकीचं वतन होतं. “आज्या चालला की कुणी फिरून मोजत नसे,” असं काहीतरी. मला वाटलं म्हातारा आपली बाजू सावरतोय. मी ऐकलं न ऐकल्यासारखं केलं.

तिसऱ्या दिवशी पुन्हा मोजणी करायची वेळ आली. तेव्हा कॉलेजातलं एक वाक्य आठवलं, जे पहिल्याच रात्री आठवायला पाहिजे होतं. कोन जुळतात आणि फेरी मिटत नाही तेव्हा चूक एखाद्या बाजूच्या लांबीत असते, आणि न मिटलेलं अंतर ज्या दिशेला पडतं त्याच दिशेची बाजू बहुधा गुन्हेगार असते. पुतणीच्या उदाहरणात बघा. पंधरा बाजूंपैकी एक बाजू दहाऐवजी नऊ मीटर चाललात, बाकी सगळं बरोबर, तर वळणांची बेरीज ३६० च राहील. तोंड दाराकडेच येईल. फक्त तुम्ही ‘अ’पासून एक मीटर लांब असाल, आणि ती फट त्या चुकलेल्या बाजूला समांतर असेल. मी दिशा काढली. ती नवव्या आणि दहाव्या ठाण्यांमधल्या बाजूशी जुळली. तेवढी एकच बाजू पुन्हा टाकली: आठ साखळ्या आणि वर तेरा मीटर चाळीस. फील्ड बुकात होत्या सात साखळ्या, तेरा मीटर चाळीस.

ती बाजू पान उलटताना आली होती. आदल्या पानाच्या तळाला मी पेन्सिलीनं आठ उभ्या रेघा मारल्या होत्या, त्या आजही त्या वहीत आहेत. पुढच्या पानावर आकडा उतरवताना सात लिहिला. मामांनी आठ सांगितले होते, मी आठ ऐकले होते आणि लिहिले सात.

मी ठेकेदाराच्या माणसाला सांगितलं, “चूक सापडली.” कुणाची ते सांगितलं नाही. त्यानंही विचारलं नाही. मजुरी परत मिळाली नाही. मामांनी सातव्या-आठव्या दिवशी काम सोडलं, पेरणीचे दिवस होते, त्यामुळे त्यात विशेष कुणाला काही वाटलं नाही.

दहाबारा वर्षांपूर्वी मी नोकरीतून मोकळा होऊन कागदपत्रांच्या नादाला लागलो. मोडी वाचायला शिकलो, अजूनही अडखळतो. छापलेल्या महजरांमध्ये शिवेवर चालणाऱ्या महारांचे उल्लेख वाचताना मामांचं ते वाक्य आठवलं. ज्या घराण्यानं पिढ्यान्पिढ्या फेरीची साक्ष दिली त्या घरातला माणूस माझ्यासमोर बसून सांगत होता, आणि मी घड्याळ बघत होतो. त्यांच्या आज्यानं कुठल्या शिवा दाखवल्या, कुठल्या खुणा सांगितल्या, तंटे कुठले, हे विचारलं असतं तर आज आपल्या मंडळाकडे तोंडी साक्षीचा असा कागद असता जो कुठल्याच दप्तरात मिळायचा नाही. एप्रिल १९२५ मध्ये याच निपाणीत डॉ. आंबेडकर बहिष्कृत वर्गाच्या प्रांतिक परिषदेला आले होते. महार वतनाच्या जोखडाविरुद्ध त्यांनी त्या दशकात कायदेमंडळातही आवाज उठवला. त्या परिषदेला मामांच्या घरातलं कुणी गेलं होतं का, हेही विचारता आलं असतं. मी शोधत त्यांच्या गावी गेलो तेव्हा मामांना जाऊन बरीच वर्षं झाली होती.

आता एक गोष्ट सीमाभागाची. राजकारणात शिरत नाही, त्यावर आपल्या मंडळात भांडायला पुरेसे लोक आहेत. १ नोव्हेंबर १९५६ ला बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला, पण चंदगड तालुका वगळून. म्हणजे राज्याची नवी रेघ तिथं तालुक्याच्या जुन्या रेघेवरून गेली. तालुक्याची रेघ गावांच्या शिवांवरून जाते, आणि गावाची शीव तिच्या काठच्या शेतांच्या दगडांवरून. ‘खेडं हा घटक’ हे महाराष्ट्राचं म्हणणं, त्याचाही पाया हाच. महाजन आयोगानं १९६७ च्या अहवालात २६४ गावं महाराष्ट्राकडे, त्यात निपाणीही, आणि २४७ गावं कर्नाटकाकडे द्यायला सांगितली. बेळगाव शहर कर्नाटकातच ठेवलं. महाराष्ट्रानं अहवाल मान्य केला नाही. २००४ पासून दावा सर्वोच्च न्यायालयात आहे. निकाल काहीही लागो, किंवा न लागो, गावं इकडून तिकडे मोजली जातील ती अख्खी. त्या गावाचा वेढा विंगेटच्या काळातल्या साखळीनं आणि त्याही आधी कुणाच्या तरी डोक्यावरच्या ढेकळानं ठरवलेला आहे. दिल्लीत ज्या नकाशावर बोटं फिरतात त्यातली एकेक रेघ म्हणजे कुणीतरी इतकं चालून, इतकं वळलेला माणूस आहे.

म्हणून पुतणीच्या प्रश्नाला मी तोंडी उत्तर दिलं नाही. दुसऱ्या दिवशी रविवार होता. आमच्या वाटणीचा मळा गावापासून जवळ आहे, पूर्वी तंबाखू होती, आता ऊस. टिपणाची नक्कल, होकायंत्र आणि एक पन्नास मीटरची टेप घेऊन तिला बांधावरून फिरवलं. सहा कोपरे. चार दगड मिळाले, एक पाचटाखाली गाडलेला होता, एक मिळालाच नाही. वळणं तिनं लिहिली, अंतरं मी सांगितली. घरी येऊन बेरीज केली तर वळणं ३५८ अंश आली, होकायंत्राला एवढी चूक माफ आहे. मग तिनं आलेखाच्या कागदावर फेरी काढली. शेवटचा बिंदू पहिल्यापासून तीन मीटर लांब पडला.

पट्टी ठेवून तिनं ती फट कुठल्या बाजूला समांतर आहे ते बघितलं. पाचव्या कोपऱ्यापासून सहाव्यापर्यंतची. तिनं वही माझ्यासमोर सरकवली आणि विचारलं, “काका, ह्या बाजूचा आकडा तुम्ही बरोबर सांगितलेला का?”

पुढच्या रविवारी ती बाजू पुन्हा मोजायची आहे. सहावा दगडही शोधायचा आहे. मंडळातल्या कुणाच्या गावात शीव दाखवणारं जुनं घराणं असेल आणि घरातलं कुणी वयस्कर बोलायला तयार असेल, तर मला कळवा. मी वही आणि रेकॉर्डर घेऊन येईन.